अंक एकशे बारा, शेवटची चार पानं

छापलेलं नाव होतं तडित.
आमच्या गल्लीत ते कुणाच्या जिभेवर बसेना,
निम्मी गल्ली तेलुगू, पाव कानडी, उरलेली घाईत.
मग सगळ्यांनी मिळून त्याचा तडतड्या केला,
फोडणीतल्या मोहरीसारखा.

कन्ना चौकात इराप्पा कोनापुरेचं दुकान.
दुकान कसलं, गटारावर टाकलेली फळी,
वर नापास टॉवेलांचा आडोसा.
दहा पैसे, तिथंच वाचायचं.
घरी न्यायचं तर पंचवीस आणि आईची शपथ.
माझी आई दिवसाला हजार विड्या वळायची,
तिची शपथ मी स्वस्तात घालायचे.
पोरी फळीवर बसत नसत.
एकशे अकरा अंक मी उभ्यानं वाचले.

पहिल्या अंकात तो जांभळा होता.
सतराव्यात निळा झाला,
इराप्पा म्हणायचा, शाईवाल्याची उधारी थकली असणार.
चित्रकार बदलला की हनुवटी बदलायची,
आधी गोल, मग विटेसारखी,
नव्वदाव्यानंतर खळीसुद्धा पडली.
किंमत साठ पैशांवरून तीन रुपये.
वय मात्र तीसच.
माझे वडील आधी त्याच्यापेक्षा लहान होते,
मग बरोबरीचे झाले,
मग त्यांना चाळिशी लागली.

ते मिलमध्ये जेकार्डचे पत्ते टोचायचे.
भोक असेल तिथं दोरा वर,
नसेल तिथं खाली.
एकदा त्यांनी माझ्या हातातला अंक ओढला,
मी गाल तयार ठेवला.
त्यांनी पान दिव्याकडं धरलं, बराच वेळ.
"हे तर आमचे पत्तेच की," म्हणाले.
"एकेकटी चौकट मुकी.
ओळीनं लाव, मोर होतोय."

एकशे बाराव्यात तडतड्या धरणाखाली गाडला गेला.
वर कर्दमासुर हसतोय, दात मोजून बत्तीस,
आणि पुढची चार पानं गायब.
कुणीतरी त्यात शेंगाचटणी बांधून नेली होती,
पाठच्या पानावर तेल उतरलेलं.

"रडू नको बे," इराप्पा म्हणाला,
"मला पाठ हाय."
त्याची वीज संपते, म्हणाला. सगळी.
अंधारात पडून राहतो, चिखल तोंडात.
मग पहाटे लांबून भोंगा ऐकू येतो,
तसा हातानं उकरत उकरत वर येतो,
झगा पिळून खांद्यावर टाकतो,
पहिल्या पाळीच्या रांगेत उभा राहतो.
कुणीच ओळखत नाही.
"उगीच वाजतोय का भोंगा रोज?
त्यालाच उठवायला."

मग शाळेला जाताना मी
मिलच्या फाटकावर थांबायचे.
रात्रपाळी सुटायची, पहिली आत जायची,
भुवयांत कापूस, हातात डबे.
कोण असेल?
एकाच्या हनुवटीला खळी होती,
पण तो खोकत होता.

दोनशेच्या आसपास मिल बंद पडली.
(मला साल आठवत नाही, अंक आठवतो.)
भोंगा थांबला. तडतड्या थांबला नाही,
महिन्याला एक जग वाचवत राहिला.
वडील थकबाकीसाठी युनियनच्या कचेरीत जायचे,
परत येऊन चप्पल कोपऱ्यात सरकवत सांगायचे,
"पुढच्या महिन्यात म्हणालेत."
शेवटच्या चौकटीत हेच तर लिहिलेलं असायचं.
मला त्यांचा राग यायला हवा होता.
मी विचारायचे, मग काय झालं?

परवा भाच्यानं, श्रीनिवासनं,
फोनवर आख्खा एकशे बारा दाखवला.
कुठल्या तरी शौकिनानं पान न् पान जपलेलं.
चार पानं. मी चष्मा पुसून बघितली.
तो धरण फोडून वर येतो,
मुठीतून वीज, आकाश पिवळं,
खाली शहर टाळ्या वाजवतंय.
रंग अगदी स्वच्छ. तेलाचा डाग नाही.

"कसंय, अत्ता?"

मी फोन परत दिला.
"शेवट चुकीचा छापलाय," म्हणाले,
"सरक जरा, बसू दे मला."